तीस नंबरचा बूट

त्या बुटावर खडूची खूण मी केली होती. हे वाक्य मी आजवर कुणापुढं उच्चारलेलं नाही. बायकोपुढं नाही, अक्कापुढं नाही, ज्या ऑफिसात उमेदीची सगळी वर्षं गेली तिथं तर नाहीच. त्या खुणेचा दोष माझ्या दाजींवर गेला, अक्काच्या नवऱ्यावर, आणि अजून त्यांच्याच माथी आहे. खूण कुणाची हे दाजींना माहीत आहे आणि मला माहीत आहे. आम्ही दोघं त्यावर एकदाच बोललो. ते पुढं येईल.

लिहायला बसलो तेव्हा वाटलं होतं, हात जड होईल. काही झालं नाही. चहा प्यालो, चष्मा पुसला आणि लागलो लिहायला. फार वेळ मांडी घालून बसल्यावर पाय जसा दुसऱ्या कुणाचा वाटतो, तसं या गोष्टीचं झालंय. चिमटा काढला तरी कळत नाही.

सत्तरच्या दशकातली गोष्ट. तेव्हा हिंगोली जिल्हा झालेला नव्हता, आमचा सगळा मुलूख परभणीत मोडायचा. मी औरंगाबादला इंजिनिअरिंग करून पुण्याला एका कंपनीत लागलो होतो. ही कंपनी कारखान्यांचे नकाशे करायची. नोकरी लागली तेव्हा सेनगावच्या आमच्या वस्तीतल्या विहारात माझा सत्कार झाला. वस्तीतला पहिला इंजिनिअर. हार घालायला दाजीच उठले आणि मोठ्यानं म्हणाले, "वाका जरा इंजनेर, आमचा हात पुरंना तुमच्यापोतर." दाजी माझ्यापेक्षा वीतभर उंच. सगळी वस्ती हसली. मी वाकलो.

पाइपाबद्दल थोडं सांगावं लागेल, नाहीतर पुढचं कळणार नाही. लोखंड तापलं की वाढतं, हे बैलगाडीच्या चाकावर लोखंडी धाव चढवताना ज्यानं पाहिलं त्याला सांगायला नको. साखर कारखान्यात बॉयलरमध्ये वाफ होते आणि एका जाड पाइपातून टर्बाइनला जाते. टर्बाइन फिरलं की वीज. तो पाइप तापला की चांगला ताणून वाढतो. वाढायला जागा मिळाली नाही तर ढकलतो, आणि पुढ्यात जे नाजूक असेल ते मोडतो. म्हणून मधे पाइपाला एक मोठी कमान देतात. पाइप वाढला की ती कमान मिटते, गार झाला की उघडते.

पाइप खांबांवरच्या गर्डरवर टेकलेला असतो, पण उघड्या पोटानं नाही, त्याला खाली लोखंडी पाय लावलेले असतात. ऑफिसात आम्ही त्यांना शू म्हणायचो. दाजी बूट म्हणायचे. सगळे बूट गर्डरवर नुसते ठेवलेले, सरकायला मोकळे. फक्त एक बूट गर्डरला वेल्ड करून पक्का करायचा, म्हणजे पाइपानं कोणत्या दिशेला वाढायचं ते ठरतं. तो बूट कमानीच्या कोणत्या अंगाला आहे यावर टर्बाइनचं मरण-जगणं. त्या बुटाच्या आणि टर्बाइनच्या मधे कमान असली तर वाढ ती गिळते, नसली तर सगळा जोर टर्बाइनवर. तेवढं एकच ठिकाण नेमकं काढायला आमच्या ऑफिसला कॉम्प्युटर लागायचा.

कॉम्प्युटर ऑफिसात नव्हता, मुंबईला एका संस्थेत होता. पाइपांचा हिशेब करणारा प्रोग्रॅम होता. पाइप कुठून निघतो, कुठं वळतो, किती तापतो, हे सगळं पुठ्ठ्याच्या कार्डांवर भोकं पाडून लिहायचं, एका ओळीला एक कार्ड. मग गठ्ठा रबरानं बांधून चपलांच्या खोक्यात घालायचा आणि खोकं मांडीवर धरून मुंबई गाठायची. कॉम्प्युटरच्या खोलीबाहेर चपला काढून ठेवाव्या लागत, आत धूळ नको म्हणून. आत हा गारठा. खिडकीतून गठ्ठा द्यायचा, दुसऱ्या दिवशी उत्तर घ्यायला यायचं. गठ्ठ्यात एक कार्ड पुढंमागं झालं असेल तर रुंद कागदावर चुकीची एकच ओळ छापून यायची. की पुन्हा रांगेत.

मी शिकलो त्या जुन्या प्रोग्रॅमचा एक हट्ट होता. मोजणी बॉयलरकडूनच सुरू झाली पाहिजे. एकेका बुटाला पाच, दहा, पंधरा असे नंबर देत देत टर्बाइनपाशी संपायचं. उलट दिलं की तो थांबायचा. त्या हट्टाला मी इतका मुरलो की कुठंही पाइप दिसला तरी मनात बॉयलरकडून पाच, दहा, पंधरा सुरू व्हायचं. जेवताना ताटाच्या कडेवरसुद्धा.

मग नवा प्रोग्रॅम आला. त्याला कुठूनही मोजलेलं चालायचं. माझे वरिष्ठ म्हणाले, टर्बाइनवाल्यांची अट सगळ्यात कडक, टर्बाइनच्या तोंडाशी, पाइप जोडतो तिथं, किती जोर येतो तेच पहिल्या पानावर दिसू दे. मोजणी टर्बाइनकडून करा. केली. आमच्या भागातल्या साखर कारखान्याची वाफेची लाइन ही मी नव्या प्रोग्रॅमवर केलेली पहिली लाइन. हिशेब बरोबर आला. तो आजही बरोबर आहे. तीस नंबरचा बूट पक्का करायचा, असं उत्तर होतं. टर्बाइनकडून मोजलेला तीस, म्हणजे कमान ओलांडून बॉयलरच्या अंगाला.

कारखाना हिंगोलीच्या पुढं, उघड्या माळावर उभा राहत होता. नाव लिहीत नाही. कारखान्याची यात काही चूक नव्हती. "तुझाच भाग आहे," म्हणून ऑफिसनं मलाच साइटवर धाडलं. आणि तिथं वेल्डर कोण, तर दाजी.

दाजी पूर्णेला रेल्वेच्या कंत्राटदाराकडं वेल्डिंग शिकले होते. बोलायला मोठे, बढाईला त्याहून मोठे. "माझ्या टाक्यावर हत्ती उभा करा," म्हणायचे. "हत्ती बसंल, टाका न्हाई बसायचा." कारखान्यात ते रोजंदारीवर होते. पहिला चाचणी हंगाम नीट पार पडला की त्यांना परमनंट करायचं ठरलं होतं, आणि परमनंट माणसाला क्वार्टर. क्वार्टर बांधून तयार होते. अक्का एकदा जाऊन बाहेरून पाहून आली होती. खिडकीतून आत डोकावून कोणत्या भिंतीला फळी मारायची, पाण्याचा माठ कुठं, हेही तिनं ठरवून टाकलं होतं. मला सांगताना तिनं बोटानं हवेतच फळी मारून दाखवली.

मी साइटवर पोचलो तो खंडेनवमीचा दिवस होता. त्या दिवशी हत्यारांची पूजा असते आणि हत्याराला कुणी हात लावत नाही. स्टोअरपुढं पोतं अंथरून सगळी हत्यारं मांडली होती. वेल्डिंगचा सेट, चेनब्लॉक, पान्हे, हातोडे, आणि सगळ्यांवर झेंडूची फुलं. स्टोअर सांभाळणारे गृहस्थ नरसीकडचे शेतकरी, सगळे त्यांना मामा म्हणायचे. माझ्या काखेत कॉम्प्युटरच्या कागदाची गुंडाळी पाहून मामांनी हात पुढं केला.

"आणा इकडं, साहेब. ह्ये बी हत्यारच हाय ना तुमचं."

"मामा, हा नुसता कागद आहे. कॉम्प्युटर मुंबईला आहे."

"असू द्या. देव बी कुटं घरात अस्तोय? आपून फोटूच पुजतो."

कागद सेटशेजारी गेला. त्यावर हळदकुंकू पडलं. पूजा आम्ही करत नसू, पण दुसऱ्याच्या पूजेत बोटही घालत नसू. दाजी जरा मागं उभे राहून बघत होते. प्रसादाची गडबड सुरू झाली तसे माझ्याजवळ आले.

"इंजनेर, आमी आज दुपारच्याला निघून राहिलो नागपूरला. अख्खी वस्ती ट्रकात बसून राहिली. तुमची अक्का बी."

दसऱ्याला आमची माणसं नागपूरला जातात. त्यात नवल नव्हतं.

"मी परवा माघारी येतो अन् लाइनीचं काम उरकतो," दाजी म्हणाले. "तवा तुमी पुन्याला पळाले असान. कोणता बूट मारायचा तेवढा दाखवून ठेवा."

"कागद पूजेत आहे."

"मंग काढा."

मी मामांकडं पाहिलं. दाजींनीच हाक मारली, "मामा, आमच्या साहेबांचा कागद लागून राहिला."

"उद्या सीमोल्लंघन झालं की न्या," मामा प्रसाद वाटता वाटता म्हणाले. "आज न्हाई हलवायचा."

"झालं," दाजी मला म्हणाले. "तुमचा कॉम्प्युटर देवाला गेला."

आता इथं मी बरीच वर्षं एक आडोसा घेत आलो आहे. मनाशी म्हणायचो, त्यांची पूजा, आम्ही विहाराची माणसं. मी कागद उचलला असता तर कुणाला काय वाटलं असतं? मन अवघडलं म्हणून मी मागं सरलो. हे खोटं आहे. मामा भला माणूस होता. नीट सांगितलं असतं तर त्यांनीच नमस्कार करून कागद काढून दिला असता. मी सांगितलंच नाही. का, तर मला गरज वाटली नाही.

मी म्हणालो, "कागद कशाला, दाजी? पाठ आहे मला."

दाजी खूश झाले. "ह्याला म्हनत्यात इंजनेर."

आम्ही दोघंच लाइनीखाली गेलो. बाकीचे प्रसादाला गर्दी करून होते. मी खिशातून खडू काढला, शिडी लावली, आणि बॉयलरपासून मोजत निघालो. पाच, दहा, पंधरा. जुन्या सवयीनं. कमान ओलांडून टर्बाइनच्या अंगाला आलो, तीस. बुटाच्या पोटावर मोठी फुली मारली. शिडीवरून उतरलो, हात झटकले. मनात शंकेचा कणही आला नाही. कुणी विचारलं असतं तर पैजेवर सांगितलं असतं.

"बराबर ना?" दाजींनी विचारलं. त्यांना त्यातलं काही कळत होतं म्हणून नव्हे. ते कुठल्याही कामाआधी असंच विचारायचे, भाकरी वाढतानासुद्धा.

"कॉम्प्युटरनं सांगितलंय."

"मंग झालं."

दुसऱ्या दिवशी मामांनी कागद हातात दिला, कडेला कुंकू लागलेला. मी तो उघडला नाही. "स्टोअरलाच ठेवा, कामाला लागेल," म्हणालो आणि हिंगोलीहून मिळेल ती एस.टी. धरून पुण्याला निघालो. दाजी नागपूरहून आले, फुली पाहिली आणि टाका मारला. चारी बाजूंनी, पक्का. हत्ती उभा करावा असा.

दिवाळीनंतर बॉयलर पेटवायचा समारंभ झाला. नारळ फुटले, भाषणं झाली. मी ऑफिसतर्फे आलो होतो. अक्काही बायकांत बसली होती, नव्या पातळात. वाफ लाइनीत सोडायला दिवस गेला, ती हळूहळूच सोडतात. पाइप तापायला लागला, आतून ठकठक आवाज येत होता. मी लाइनीखालून टर्बाइनकडून बॉयलरकडं चालत होतो. टर्बाइनकडच्या बाजूनं पहिल्यांदाच चालत होतो. आणि मधेच माझ्या लक्षात आलं की वर वेल्ड केलेला बूट मला कमानीच्या अलीकडंच दिसतोय. मी थांबलो. टर्बाइनकडून मोजलं. मग बॉयलरकडून मोजलं.

ओरडायला हवं होतं. मी तिथंच उभा राहिलो. किती वेळ, सांगता येणार नाही, फार नसावा. मग टर्बाइनच्या तोंडाजवळच्या जोडातून शिट्टी सुरू झाली, मग ती शिट्टी राहिली नाही. जोडातलं पॅकिंग फाटून पांढरी वाफ आडवी सुटली. माणसं पळाली. कुणीतरी वर जाऊन व्हॉल्व्ह बंद केला. कुणी भाजलं नाही. हे नशीब. टर्बाइनच्या तोंडाला मात्र तडा गेला.

हंगाम पुढं ढकलला गेला. ऊस शेतातच उभा राहिला, आणि सभासद शेतकरी कारखान्याच्या फाटकापाशी येऊन रागानं उभे राहायचे. टर्बाइनवाल्या कंपनीचा माणूस आला. त्यानं वर पाहिलं आणि लगेच बूट दाखवला. इंग्रजीत काहीतरी बोलला. चीफ इंजिनिअरांनी ऑफिसात दाजींना बोलावलं. मीही होतो. मामा स्टोअरमधून कागद घेऊन आले होते, तो टेबलावर पसरलेला होता.

"हा बूट कुणी वेल्ड केला?"

"मी, साहेब."

"कागद स्टोअरमध्ये होता. बघितला होता?"

"न्हाई बघितला."

"मग कुणी सांगितलं होतं इथं मारायला?"

दाजींनी माझ्याकडं पाहिलं नाही. मला ते नीट आठवतंय. पाहिलं असतं तर कदाचित माझ्या तोंडून निघालं असतं. त्यांनी टेबलावरच्या कागदाकडं पाहिलं, जणू त्यातलं त्यांना वाचता येत होतं.

"कुणी न्हाई, साहेब. पाइप हलून राहिला व्हता. मला वाटलं, ह्यो ढिल्ला हाय. म्हून टाकला."

चीफ इंजिनिअर माझ्याकडं वळले. "तुमच्या हिशेबात कुठं आहे?"

मी कागदावर बोट ठेवलं. "तीस नंबर. कमानीच्या पलीकडं, बॉयलरच्या बाजूला."

शब्दन् शब्द खरा होता. कोर्टात शपथेवर सांगता आला असता. त्या खऱ्या शब्दांनी मी दाजींना संपवलं. आवाजसुद्धा नीट होता माझा. मामा उगाच घसा खाकरले आणि खिडकीबाहेर पाहू लागले. खंडेनवमीला त्यांनी काही ऐकलं होतं का, कळलं नाही. मी कधी विचारलं नाही.

बाहेर दाजी भिंतीला टेकून बिडी ओढत होते. मी जवळ गेलो.

"दाजी, मी आत जाऊन सांगतो."

"काय?"

"खूण माझी होती म्हणून."

"अन् मंग? दोगंबी घरी जायाचं का? एक गेला, बास झालं."

"तुमचं परमनंट..."

"मी वेल्डर हाय. मला गेटं करता येत्यात, नांगराला फाळ लावता येतो. तुमाला काय करता येतं? कागद!" ते हसले आणि खोकले. मग बिडी विझवून म्हणाले, "वस्तीतलं एक पोरगं तितवर गेलं. त्याच्या नावाला पैल्याच झटक्यात डाग? लोक म्हंतान, पाहा, ह्यांचा इंजनेर. गप ऱ्हावा. पुन्याला जावा. अन् अक्काला काय बी सांगू नका. तिला सांगितलं की समद्या गावाला सांगितलं."

मी पुण्याला गेलो. खरं म्हणजे, "आत जाऊन सांगतो" हे मी अशा आवाजात म्हटलं होतं की समोरच्यानं नको म्हणावं. ते त्यांना कळलं असणार. दाजी बढाईखोर होते, पण आवाज ओळखायचे.

दाजींना कामावरून काढलं. क्वार्टर दुसऱ्याला गेलं. अक्कानं त्या फळीचा विषय पुन्हा कधी काढला नाही, पण दुसरं सुरू झालं. आमच्याकडं माणसाला एक नाव पडलं की ते त्याच्या मरणापर्यंत जात नाही. दाजींना नाव पडलं, जाम मिस्त्री. हलता पाइप जाम करणारा मिस्त्री. आधी कारखान्यात, मग बाजारात, मग सेनगावात. दाजींनी उधारीवर वेल्डिंगचा जुना सेट आणला आणि रस्त्याच्या कडेला गेटं, ग्रिलं, नांगराचे फाळ जोडायला बसले. लोक येऊन म्हणायचे, "मिस्त्री, बिजागरी हलली पायजे बरं का. जाम नका करू." दाजीही म्हणायचे, "जाम करायचे येगळे पैसे पडत्यात."

मी उन्हाळ्यात जायचो. अक्का चहा ठेवायची आणि माझ्यापुढंच बोलायची. "काहून हात लावला व्हता ह्यांनी त्या बुटाला? कुणी सांगितलं व्हतं का? न्हाई. सोताची अक्कल. ह्ये पोरगं एवढा हिशेब करून देतं कॉम्प्युटरवर, अन् ह्यांनी माती केली. आज क्वार्टरात असतो आमी."

"हात खाजवून राहिला व्हता माझा," दाजी म्हणायचे.

"खाजवा आता गेटाला."

मी चहा प्यायचो. बशीत ओतून, फुंकून. मला त्या वेळी काय वाटायचं, असं कुणी विचारलं तर सांगता येणार नाही. चहा गोड असायचा. अक्का साखर जास्त घालते.

ऑफिसात मी वर चढत गेलो. नवा प्रोग्रॅम माझ्याइतका कुणाला येत नसे. पुढं त्याचीही नवी आवृत्ती आली, मग आणखी एक, कार्डं गेली, खोकी गेली. एकदा जुन्या प्रोग्रॅमचे गठ्ठे रद्दीत काढले तेव्हा शिपायानं विचारलं, "साहेब, यातलं काही ठेवायचं?" मी म्हटलं, काही नाही. आता टेबलावरच्या पडद्यावर पाइप रंगीत दिसतो. जोर जास्त असला की लाल होतो, पोरं माउस फिरवून पाइप हवा तसा वळवतात. माझी एक ख्याती आहे. कुणी पाठ आहे म्हटलं की मी त्याला नकाशा उघडायला लावतो. पोरं मागं हसतात, म्हणतात, साहेब झोपेतही नकाशा उघडून झोपतात. त्यांना वाटतं ही शिस्त आहे. आणि मनात अजून मी बॉयलरकडूनच मोजतो. तो जुना प्रोग्रॅम जगात आता कुठंही चालत नाही, फक्त माझ्यात चालतो.

अजून एक आहे. इतकं लिहूनही ते लिहायचं टाळत होतो.

दसरा आणि बॉयलर पेटवणं यांच्या मधे, पुण्याला, त्या लाइनीची ऑफिसातली प्रत माझ्या टेबलावर आली होती. फाइल करायला. मी ती चाळली. तीस नंबरच्या बुटाचा आकडा बॉयलरच्या अंगाला छापलेला होता. माझा हात तिथं थांबला. मला शिडी आठवली. खांद्यावर पडलेलं ऊन आठवलं, ते कोणत्या बाजूनं पडलं होतं ते आठवलं. मनात आलं, आपण टर्बाइनच्या अंगाला तर नाही ना उभे होतो? कारखान्याला ट्रंककॉल लावता आला असता. तार करता आली असती. वेल्ड कापायला तास-दोन तास लागले असते, कुणी काही बोललं नसतं, फार तर दाजी चार दिवस चिडवत राहिले असते. मी स्वतःला म्हटलं, तिथंच मारली असेल फुली, आपल्याला पाठ होतं. आणि फाइल मिटवली. मला चूक कबूल करायची नव्हती, साइटवर नाही, चीफ इंजिनिअरांपुढं तर नाहीच, आणि सगळ्यात जास्त दाजींपुढं नाही, कारण त्यांनी मला "ह्याला म्हनत्यात इंजनेर" म्हटलं होतं.

हे दाजींना माहीत नाही. त्यांना वाटतं, मी चुकलो. त्यांनी चुकलेल्या माणसाला पाठीशी घातलं. मी शंका येऊनही गप्प बसलेला माणूस होतो, हे त्यांना माहीत असतं तर त्यांनी घातलं असतं की नाही, मला ठाऊक नाही.

गेल्या महिन्यात सेनगावला गेलो. हिंगोलीहून जीपमध्ये बसलो होतो. शेजारच्या बाईनं ड्रायव्हरला सांगितलं, "जाम वेल्डिंगपाशी थांबव रं." जीप थांबली. आता तो थांबाच झालाय, लोकांना नाव कशावरून पडलं हेही माहीत नाही. दुकान भाचा चालवतो. त्यानं पाटीवर दुसरंच नाव लिहिलंय, पण ते कुणी वाचत नाही. मला पाहून तो गॉगल कपाळावर सारून हसला, "या मामा. बाबा आत हायत. मोठ्यानं बोला, ऐकायला कमी येतंय."

दाजींची नजरही गेलीय, वेल्डिंगच्या उजेडानं. बाजेवर बसले होते. मी हातात हात दिला तेव्हा ओळखलं. "इंजनेर," म्हणाले. अक्का चहा घेऊन आली. भिंतीला खरकटं पुसायचं फडकं टांगलेलं होतं, त्याच्यावर पत्र्याची एक फळी होती. दाजींनी कधीतरी वेल्ड करून दिली असावी. अक्कानं आता दात नसलेल्या तोंडानं तेच म्हटलं, पण रागानं नाही, सवयीनं, जसं कुणी जुन्या दुखण्याचं नाव घेतं. "ह्यांनी त्या बुटाला हात लावला नसता, तर..." दाजींना ते ऐकू गेलं नाही. ते माझ्याकडं तोंड करून हसत होते, कारण त्यांना वाटलं मी काहीतरी बोललो.

मी काही बोललो नव्हतो. चहा पिऊन परत आलो.

अक्काला मला सांगायचं आहे की खूण माझी होती. दाजींना सांगायचं आहे की मला आधी शंका आली होती आणि मी फाइल मिटवली. दोन्ही त्यांच्या घरी, एकाच वेळी, दाजींना ऐकू जाईल एवढ्या मोठ्यानं. बाहेर दुकानात गिऱ्हाईक उभं असलं तरी. हे अजून सांगितलेलं नाही.